नाव ठेवताना

मंडळी, तुळशीचं लग्न आटोपलं की आमच्या घरी बारसं आहे. नात आत्ता सात आठवड्यांची झाली. खरं तर बाराव्या दिवशीच व्हायचं, पण पुण्याहून माझा भाऊ आणि वहिनी यायची आहेत आणि डॅनेवर्कहून व्याही-विहीणबाई. सगळ्यांच्या सोयीने तारीख पुढे गेली. तेवढा वेळ मला मिळाला तेही बरंच झालं, कारण नाव सुचवायचं काम लेकीने माझ्यावर टाकलं आहे.

टाकलं आहे ते अटींसकट. नाव मराठी हवं, पण जावयाच्या आजीला म्हणता यायला हवं. इथल्या शाळेत त्याचं भलतंच काही होता कामा नये. अर्थ चांगला हवा. आणि शेवटची अट, "आई, गूगलवरची यादी पाठवू नकोस, ती मीही पाहिली आहे."

आता जावयाचं घराणं असं : विहीणबाईंचं माहेर मूळ डेन्मार्कचं, दीडशे वर्षांपूर्वी डॅनेवर्कला येऊन जंगल तोडणाऱ्यांपैकी. व्याही आयरिश, त्यांचे पूर्वज सोन्याच्या मागे वेस्ट कोस्टवर आलेले. मी म्हटलं, नातीचं नाव ठेवण्याआधी या दोन्ही घरांतल्या नावांचा अर्थ तरी कळू दे. आपल्याकडे सोयरीक जुळवताना कुळी बघतात, मी ती जरा उशिराने बघायला घेतली. गेले दोन महिने वाचनालयातून पुस्तकं आणते आहे, विहीणबाईंना फोन करते आहे, आणि जे हाती लागलं ते इतकं आपलं निघालं की तुम्हाला सांगितल्याशिवाय राहवेना.

पेशव्यांची वंशावळ आणि डॅनिश शेतकरी

विहीणबाई एकदा म्हणाल्या, "आमच्याकडे सगळे जेन्सन, हॅन्सन, पीटरसन. कंटाळवाणी नावं!" मला मात्र ती मुळीच कंटाळवाणी वाटली नाहीत. 'सन' म्हणजे मुलगा. येन्सचा मुलगा पीटर, तो पीटर येन्सन. त्या पीटरला मुलगा झाला की त्याचं नाव बहुधा आजोबांवरून येन्स, म्हणून तो येन्स पीटरसन. पुढच्या पिढीत पुन्हा पीटर येन्सन. मुलगी असेल तर शेवटी 'सन'ऐवजी 'दातर', म्हणजे अमक्याची मुलगी.

आता हे आठवा : बाळाजी विश्वनाथ, त्यांचा मुलगा बाजीराव बाळाजी, त्याचा मुलगा बाळाजी बाजीराव. इतिहासाच्या पेपरात या नावांनी आपल्याला किती छळलं! कोपनहेगनजवळच्या एखाद्या शेतकऱ्याला मात्र ती वंशावळ क्षणात समजली असती. आजोबांचं नाव नातवाला, वडिलांचं नाव मधे. फरक इतकाच की आपण आडनावही लावलं, त्यांनी फार काळ लावलं नाही.

मग ते लागलं कसं? सरकारने लावलं. डेन्मार्कमध्ये 1828 साली हुकूम निघाला की प्रत्येक मुलाला बाप्तिस्म्याच्या वेळी कायमचं घराण्याचं नाव द्यायचं. लोकांनी जे चालू होतं तेच गोठवलं. येन्सचा मुलगा असो वा नसो, येन्सन. मुलगी असली तरी येन्सन, म्हणजे 'येन्सचा मुलगा'! म्हणून आजही डेन्मार्कमध्ये 'सन'वाल्यांची गर्दी आहे. नॉर्वेत असा कायदा 1923 साली आला. आइसलंडने तो कधीच मानला नाही. तिथे आजही बहुतेकांना आडनाव नाही, वडिलांचं किंवा आईचं नाव पुरतं, आणि टेलिफोनच्या छापील यादीतही माणसं पहिल्या नावाच्या क्रमाने लावत. आपल्या महाराष्ट्र सरकारने 1 मे 2024 नंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव घालणं सक्तीचं केलं, तेव्हा मला आइसलंड आठवलं. मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. नाव म्हणजे अर्धं कुटुंब!

नॉर्वेची गंमत आणखी वेगळी. तिथे माणसाच्या नावाला शेताचं नाव जोडत : डाल म्हणजे दरी, बक्के म्हणजे चढण, हाउगेन म्हणजे टेकाड. माणूस दुसऱ्या शेतावर राहायला गेला की नावही बदलायचं, कारण ते नाव नव्हतंच, पत्ता होता. आपला 'कर' दुसरं काय करतो? मंगेशीचे दीनानाथ मंगेशकर झाले आणि गोव्यातलं ते गाव सगळ्या देशाच्या तोंडी बसलं. स्वीडनमध्ये पलटणीत एका नावाचे चार-चार अँडर्स अँडरसन निघत, तेव्हा त्यांना सैन्यातलं छोटं नाव मिळे : मूदिग म्हणजे धाडसी, रास्क म्हणजे चपळ, शोल्ड म्हणजे ढाल. पुष्कळांनी घरी परतल्यावरही तेच आडनाव ठेवलं. कुडतोजी गुजरांचे प्रतापराव आणि हंसाजी मोहित्यांचे हंबीरराव झाले ते आठवून मला हसू आलं.

सत्तर मैलांच्या जंगलात

ही माणसं इथे आली कशी? 1864 साली प्रशिया आणि ऑस्ट्रियाविरुद्धच्या युद्धात डेन्मार्कने श्लेस्विग गमावलं. त्या वेळचे पंतप्रधान मोनराड, पेशाने बिशप, पराभवानंतर 1866 साली थेट न्यूझीलंडला आले आणि पामरस्टन नॉर्थजवळ कारेरे इथे शेती करू लागले. ते 1869 साली परत गेले, पण वाट पडली. पुढे ज्युलियस व्होगेल यांना रस्ते आणि रेल्वेसाठी जंगल तोडणारे हात हवे होते. 1872 साली हॉक्स बेच्या दक्षिणेला 'सत्तर मैलांचं जंगल' म्हणत त्या रानात नॉर्सवुड आणि डॅनेवर्क ही गावं वसली. नॉर्सवुडला आलेल्या कुटुंबाला चाळीस एकर जमीन, तीही उभ्या झाडांसकट आणि फुकट नव्हे. डॅनेवर्क हे नाव श्लेस्विगमधल्या जुन्या तटबंदीचं, अर्थ 'डेन लोकांचं काम'. जी तटबंदी हरली तिचंच नाव पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला गावाला दिलं! नावात माणसं काय काय जपून आणतात पाहा.

गावाचं नाव टिकलं, माणसांची नावं मात्र घासली गेली. आगगाडीचा हजेरीपट इंग्रज कारकुनाच्या हातात. 'येन्स'चा जेन्स झाला, आणि पुढे कुणाचा जॉन्सन. नील्सनचा नेल्सन, म्यूलरचा मिलर. डोक्यावर गोल किंवा पोटात आडवी रेघ असलेली त्यांची अक्षरं इंग्रजी छापखान्यात नव्हतीच, ती गळाली. नवरा-बायकोची आणि मुलांची तीन वेगळी नावं असलेलं कुटुंब एका आडनावाखाली बसवलं गेलं. शेजारच्या एकेटाहुनाचंही पूर्वीचं नाव मेलमस्कोव्ह होतं, म्हणजे 'जंगलाच्या मधोमध'. तेही गेलं. तिथे मूळ माओरी नाव आलं, हा त्यातला न्यायाचा भाग.

गेल्या महिन्यात विहीणबाईंबरोबर मी नॉर्सवुडच्या दफनभूमीत गेले. जुन्या दगडांवर नावं वाचत त्या पुढे आणि मी मागे. एका दगडापाशी थांबून म्हणाल्या, "हे माझ्या पणजीचं नाव. आम्ही ते कसं उच्चारायचं तेच विसरलो." मला एकदम आपल्या मुलांची रोमन अक्षरांतली नावं डोळ्यांपुढे आली.

ब्रायनचा नातू

आता व्याह्यांकडे वळू. आयरिश आडनावांतला 'मॅक' म्हणजे मुलगा आणि 'ओ' म्हणजे नातू किंवा वंशज. ओब्रायन म्हणजे ब्रायनचा नातू. हा ब्रायन म्हणजे 1014 साली क्लॉनटार्फच्या लढाईत पडलेला राजा ब्रायन बोरू. युरोपात कायमची आडनावं सर्वांत आधी धरली त्यांत आयरिश लोक मोडतात. दहाव्या शतकातच त्यांच्याकडे ती दिसू लागतात. व्याह्यांना मी सांगितलं की आमच्याकडे 'नातू' असं सरळ आडनावच आहे, तेव्हा ते खूश झाले.

मर्फी हे आडनाव मूळ 'मुर्खू', म्हणजे समुद्रावरचा योद्धा. आपल्याकडे असता तर आंग्र्यांच्या आरमारात शोभला असता. सुलिव्हनच्या मुळाशी 'सूल' म्हणजे डोळा आणि 'डुव्ह' म्हणजे काळा, थोडक्यात काळ्या डोळ्यांचा. मॅकगोवन म्हणजे लोहाराचा मुलगा. स्त्रीच्या नावात तर आयरिश भाषा आणखी बारकाई दाखवते. लेक असेल तर 'ओ'च्या जागी 'नी', सून असेल तर 'ई'. आडनाव ऐकूनच कळतं बाई माहेरच्या नावाने वावरते की सासरच्या. आपल्याकडे ते काम मधलं नाव करतं.

आयरिश आणि स्कँडिनेव्हियन ही दोन घरं आमच्या जावयात पहिल्यांदा एकत्र आली असं मी समजत होते. ती तर हजार वर्षांपूर्वीच आली होती! व्हायकिंगांनी डब्लिन वसवलं, आधी लुटालूट केली आणि मग सोयरिकी. म्हणून मॅकऑलिफ म्हणजे ओलाफचा मुलगा, मॅकमॅनस म्हणजे मॅग्नसचा मुलगा, आणि डॉइल म्हणजे 'काळा परका', व्हायकिंगांना आयरिश लोक ज्या शब्दाने ओळखत तो. उलट बाजूने आयरिश नीअल आइसलंडला पोचला आणि न्याल झाला, त्याच्या नावाची गाथाच तिथे प्रसिद्ध आहे. ऑस्कर हे आयरिश दंतकथेतलं नाव. नेपोलियनला त्या कथांचं वेड. त्याने आपल्या सरदाराच्या मुलाला, ज्याचा तो धर्मपिता होता, हे नाव दिलं. तो मुलगा पुढे स्वीडनचा राजा ऑस्कर पहिला झाला, आणि तेव्हापासून ऑस्कर स्वीडिश लोकांना आपलंच वाटतं.

सख्खी पण न ओळखलेली

इथवर शोध मजेचा होता. पुढे मात्र मी खुर्चीत सरसावून बसले. आपली संस्कृत, आयरिश आणि स्कँडिनेव्हियन भाषा एकाच प्राचीन भाषाकुळातल्या. शाळेत 'पितर' आणि 'फादर' ऐकलं होतं. पण नावांतही हे नातं असेल असं कधी मनात आलं नव्हतं.

सिग्रिड घ्या. 'सिग्र' म्हणजे विजय, 'फ्रीद' म्हणजे सुंदर. आपली विजयश्रीच म्हणायची. हा 'सिग्र' आणि संस्कृत 'सहस्', म्हणजे बळ, एकाच मुळाचे. 'फ्रीद'चं मूळ आहे प्रेम करणं, आणि तेच आपल्या 'प्रिय'चं. म्हणजे अॅस्ट्रिड, इन्ग्रिड, सिग्रिड या तिघींच्या शेपटात आपली प्रिया लपली आहे. सिग्रिडचं लाडाचं रूप 'सीरी'. तुमच्या खिशातल्या फोनमध्ये बोलते ती.

उल्फ म्हणजे लांडगा, संस्कृत 'वृक'. भीमाला वृकोदर म्हणतात ना, तोच. आयरिश कॉनर म्हणजे शिकारी कुत्र्यांवर प्रेम करणारा. त्यातलं 'कॉन' आणि आपलं 'श्वान' भावंडं. कुत्र्यावरून नाव ठेवतात म्हणून नाक मुरडू नका, शुनःशेप आणि शौनक ही ऋषींची नावं आहेत आपल्याकडे. रीओना हे आयरिश नाव म्हणजे राणी, आणि तो शब्द आपल्या 'राज्ञी'चा सख्खा. एडन म्हणजे छोटा अग्नी. त्याच्या मुळातला पेटवण्याचा धातू संस्कृतात 'इध्', ज्याच्यापासून आपली समिधा झाली. इथल्या प्रत्येक शाळेत एखादा एडन असतो. त्याला कुठे ठाऊक की त्याची एक बहीण होमात पडते!

या सगळ्यांत माझी लाडकी ठरली ब्रिजिड. आयर्लंडची जुनी देवी, मग किल्डेअरची संत. 2023 पासून तिच्या नावाने आयर्लंडमध्ये फेब्रुवारीत सार्वजनिक सुट्टी असते. नावाचा अर्थ 'उंच, थोर'. संस्कृतातली तिची जुळी म्हणजे 'बृहती'. बृहन्मुंबई आणि बृहन्महाराष्ट्र मंडळ यांतला तो बृहत्, त्याचं स्त्रीरूप. हेच नाव समुद्र ओलांडून उत्तरेला गेलं आणि चौदाव्या शतकातल्या स्वीडनच्या संत बिर्गिटा झाल्या. डेन्मार्कमध्ये त्याचं बिर्गिट झालं. म्हणजे व्याह्यांची ब्रिजिड, विहीणबाईंची बिर्गिट आणि माझी बृहती, तिघी एकच.

दिसतात सारखी, नातं नाही

याच्या नेमकं उलटही आहे, आणि इथल्या मराठी आईबापांना ते जास्त कामाचं. आपण 'दोन्हीकडे चालणारं' नाव शोधतो तेव्हा फक्त कानाने शोधतो. किरण ठेवलं की कीवी म्हणतात, "अरे वा, आयरिश!" आयरिश किरानचा अर्थ आहे 'छोटा काळासावळा'. आपला किरण उजेडाचा, त्यांचा अंधाराचा. रोहन ऐकून त्यांना रुआन आठवतो, तो 'छोटा तांबडा'. आपली तारा आकाशातली. त्यांची तारा ही आयर्लंडच्या जुन्या राजांच्या अभिषेकाची टेकडी. आपला नील निळा, त्यांचा नील म्हणजे तोच नीअल. स्वीडिश अनिका म्हणजे धाकटी अॅना.

यात वाईट काही नाही. सोयीचं आहे. पण सोय म्हणजे नातं नव्हे, एवढं लक्षात ठेवून ठेवावं.

आयरिश नावं इथल्या पाळणाघरांत हल्ली पुष्कळ ऐकू येतात : नीव म्हणजे तेज, ईफा म्हणजे सौंदर्य, सीर्शा म्हणजे स्वातंत्र्य. हे शेवटचं नाव देश स्वतंत्र होण्याच्या काळातलं, जुन्या पोथ्यांत नाही. आपल्याकडच्या 'स्वराज'सारखं. जसिंडा आर्डर्न पंतप्रधान असताना 21 जून 2018 रोजी त्यांना मुलगी झाली. तिचं नाव नीव ते आरोहा. पहिलं आयरिश मुळाचं, दुसरं माओरी, अर्थ प्रेम. दोन भाषा एका नावात शेजारी नांदवता येतात, त्यातली एक दुसरीसाठी वाकवावी लागत नाही, हे मला तेव्हाच पटलं होतं.

आयरिश नावांचं स्पेलिंग मात्र भल्याभल्यांना घाम फोडतं. 'नीव' लिहिताना शेवटी एम आणि एच! कारण समजलं आणि माझा राग गेला. त्यांच्या लिपीत मऊ झालेल्या व्यंजनाच्या डोक्यावर टिंब देत. आपल्या अनुस्वारासारखं दिसे. छापखाने इंग्रजी वळणाचे झाले तेव्हा टिंब गेलं आणि त्याच्या जागी एच आला. म्हणजे तो एच मुळात एच नाहीच, तो हरवलेल्या टिंबाची खूण आहे. आपला 'ण' आणि 'ळ' रोमन लिपीत असेच हरवतात, फक्त आपण खूणही ठेवत नाही.

गाडीवरचं नाव

आयरिश नावांची ही अवस्था आपोआप झाली नाही. 1465 साली तिथल्या इंग्रजी अमलाच्या संसदेने कायदा केला की डब्लिनभोवतीच्या चार परगण्यांत राहणाऱ्या आयरिश माणसाने इंग्रजी आडनाव घ्यावं : एखाद्या गावाचं, एखाद्या रंगाचं, जसं व्हाइट, ब्राउन, एखाद्या धंद्याचं, जसं स्मिथ, किंवा एखाद्या हुद्द्याचं, जसं कुक, बटलर. पुढच्या शतकांत कायद्याची गरजही उरली नाही. नोकरी हवी, जमीन हवी, हसू होऊ नये म्हणून माणसांनी आपणहून 'ओ' आणि 'मॅक' गाळले. लोहाराच्या मुलाचा स्मिथ झाला. 1892 साली डग्लस हाइड यांनी डब्लिनमध्ये गाजलेलं व्याख्यान दिलं, त्यात या नावं टाकून देण्याबद्दल फार कळकळीने बोलले. पुढे 1938 साली तेच आयर्लंडचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले.

आणि 1905 सालची ती गाडी. डोनेगलचा एक शेतकरी कवी, नीअल मॅक गिला व्रीदे. त्याने आपल्या गाडीवर स्वतःचं नाव आयरिश भाषेत, आयरिश अक्षरांत रंगवलं. कायदा म्हणे, गाडीवर मालकाचं नाव वाचता येईल असं हवं. पोलिसांनी खटला भरला. गाडीवाल्याच्या बाजूने उभा राहिला पॅट्रिक पिअर्स, तोच जो पुढे 1916 च्या उठावाचा नेता झाला. वकील म्हणून तो कोर्टात उभा राहिला तो याच खटल्यात, आणि हरला. ज्या देशात जन्मला त्याच देशाच्या लिपीत लिहिलेलं नाव 'वाचता येत नाही' असं ठरलं.

हे वाचून मी पुस्तक मिटलं आणि बराच वेळ बसून राहिले. कारण माझं काय झालं? माझं माहेरचं नाव लग्नात ताटातल्या तांदळांवर अंगठीने दुसरं नाव लिहून पुसलं गेलं. सगळे हसत होते, मीही. इथे आल्यावर पहिल्या नोकरीत छातीवर लावायच्या पट्टीवर साहेबाने त्या दुसऱ्या नावाची पहिली दोन अक्षरंच छापून आणली. "सोपं पडेल, नाही का?" मी हो म्हटलं. कुणी कायदा केला नव्हता, कुणी दंड केला नव्हता. हो मीच म्हटलं. पंचवीस वर्षं मी त्या दोन अक्षरांना ओ देते आहे.

इथले माओरी लोक स्वतःची ओळख सांगताना आधी आपला डोंगर सांगतात, मग नदी, मग पूर्वज ज्या होडीतून आले ती होडी, मग टोळी, आणि सर्वांत शेवटी नाव. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला ते लांबलचक वाटलं होतं. आता वाटतं, एवढं सगळं पाठीशी असलं की नाव कुणी सहजासहजी छाटत नाही.

आजींच्या दारावर

जावयाच्या आजी, म्हणजे व्याह्यांच्या आई, एकोणनव्वद वर्षांच्या. वृद्धाश्रमात असतात. सगळे त्यांना एका सुटसुटीत इंग्रजी नावाने हाक मारतात. नॉर्सवुडहून परतताना आम्ही त्यांना भेटायला गेलो. मी माझ्या नावांच्या गोष्टी सांगत होते, आणि त्या मधेच म्हणाल्या, "माझं खरं नाव ब्रिजिट." सुनेलाही नवीन नव्हतं, पण ते नाव त्यांच्या तोंडून तिने कधी ऐकलं नव्हतं म्हणे. शाळेत त्यांना 'बिडी' म्हणून चिडवत. एके काळी इंग्रजांच्या घरी काम करणाऱ्या आयरिश मोलकरणींना सरसकट याच नावाने हाक मारीत, ती त्यातली कुचेष्टा. दहाव्या वर्षी त्यांनी स्वतःच नाव बदलून टाकलं. बिडी शब्दाला आपल्याकडे काय अर्थ आहे ते मी गिळलं आणि त्यांना बृहती सांगितली. उंच, थोर. तुमच्या संतांचंही तेच, आमच्या संस्कृतातही तेच. त्यांनी दोनदा म्हणायला लावलं. 'बृ' जमेना, 'हती' छान जमलं. मग म्हणाल्या, "म्हणजे मी ऐंशी वर्षं उगाच खाली मान घातली."

पुढच्या आठवड्यात विहीणबाईंचा फोन आला. आजींनी आश्रमातल्या बाईंना सांगून खोलीच्या दारावरचं कार्ड बदलून घेतलं आहे. त्यावर आता ब्रिजिट आहे. जुन्या मैत्रिणी गोंधळतात, पण त्या कुणाला सवलत देत नाहीत.

त्यानंतर लेकीच्या अटींचं ओझं मला वाटेनासं झालं. इथल्या नोंदणी खात्याच्या अटी तशा थोड्या आहेत : नाव फार लांब नको, आक्षेपार्ह नको, आणि किंग, प्रिन्स, जस्टिस असा हुद्दा वाटेल असं नको. बाकी सगळं आपल्यावर आहे. नाव म्हणायला अवघड असेल तर पुढचा शिकेल. न शिकला तर पुन्हा सांगावं. माझ्या पिढीने ते सांगायचा कंटाळा केला. नातीच्या नावात आईचं आणि वडिलांचं, दोघांचीही नावं घालायची असं लेक-जावयाने ठरवलं आहे. अर्धं कुटुंब तर तिथेच आलं.

आता तुम्ही विचाराल, नाव काय ठरलं? ठरलं आहे. लेकीला आणि जावयाला पसंत आहे. पण बारशाआधी नाव फोडायचं नसतं, ते आधी बाळाच्या कानात जायला हवं. तो मान आत्याचा. आमची आत्या म्हणजे जावयाची बहीण, उंच, लाल केसांची, हॉकी खेळणारी. तिला 'कुर्र' करायला शिकवते आहे, र जरा जास्तच जमतो. आजीही येणार आहेत, आणि रोज फोनवर नावाचा सराव करतात. एक अक्षर अजून अडतं. सोपं करून देऊ का, असं मी विचारलं, तर म्हणाल्या, "नको. अजून तीन आठवडे आहेत."

पाळण्यावर लावायची पाटी मी देवनागरीत रंगवून ठेवली आहे, काना-मात्रांसकट. सध्या ती कपाटात पालथी घातलेली आहे.